साठ शॉट, चौदा क्लिक: अडकलेल्या स्कोअरचं एक प्रकरण

पार्श्वभूमी

गंगापूर रोडवरून आत वळलं की एका जुन्या पत्र्याच्या शेडमध्ये आमची नेमबाजीची दहा मीटरची रेंज आहे. लेन सहाच. पाचांवर मोटारीने मागेपुढे होणारी कागदी टार्गेटं आहेत. सहावीवर पालकांनी वर्गणी काढून बसवलेलं इलेक्ट्रॉनिक टार्गेट आहे आणि त्या लेनसाठी मुलांची रोज भांडणं होतात. १ ऑगस्ट २०२४ ला पॅरिस ऑलिंपिकमध्ये स्वप्नील कुसाळेने ५० मीटर रायफल थ्री पोझिशनमध्ये ब्राँझ मिळवलं आणि दुसऱ्या दिवसापासून आमचा फोन थांबेना. त्याच्या घडणीची काही वर्षं नाशिकमधली, त्यामुळे इथल्या लोकांना ते पदक घरचंच वाटतं.

सायली (नाव बदललं आहे) या लाटेच्या आधीची. आठवीत असताना आली, हे सगळं घडलं तेव्हा अकरावीत होती. वडील अंबडला गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या एका कंपनीत क्वालिटीला आहेत. आई घरून पोळीभाजीचे डबे करते. रायफल चांगल्या जातीची, पण सेकंडहँड. तिच्या आधी दोघांच्या खांद्याला लागलेली.

ज्यांनी हा खेळ जवळून पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडं. दहा मीटर एअर रायफलच्या टार्गेटवर दहाचं वर्तुळ म्हणजे अर्धा मिलिमीटरचा ठिपका, आणि त्यावर मारायचं पेलेट साडेचार मिलिमीटरचं. म्हणजे पेलेटची कड ठिपक्याला नुसती टेकली तरी १०.०. तिथून आत प्रत्येक पाव मिलिमीटरला एक दशांश वाढतो आणि अगदी मधोमध बसलं की १०.९. पात्रता फेरीत पंचाहत्तर मिनिटांत साठ शॉट, कमाल ६५४. उभं राहून, साडेपाच किलोपर्यंतची रायफल हातात धरून. एक दशांश म्हणजे पाव मिलिमीटर, एवढं लक्षात राहिलं तर पुढचं सगळं कळेल.

अडचण

पाच महिने सायलीचे सरावातले स्कोअर ६०६ ते ६१४ च्या मध्ये घोटाळत होते. सरासरी ६१० च्या आसपास. तिने स्वतःपुढे ६१८ ठेवलं होतं.

तिची वही मी नंतर नीट वाचली. "६१३.४. नवीन पेलेट मस्त." "६०७.१. जॅकेटचं बटण बदलायला हवं." "६१२.०. नाश्ता लवकर केला म्हणून." "६०६.८. ट्रिगर जड वाटतोय." प्रत्येक आकड्यामागे एक कारण, आणि दुसऱ्या दिवशी त्या कारणावर उपाय. तिला हे मीच शिकवलं होतं, "कारण लिहीत जा" म्हणून. आणि मीही तेच करत होते. एक दिवस बटप्लेट (रायफलचा खांद्याला टेकणारा भाग) चार मिलिमीटर खाली, आठवड्याने तीन मिलिमीटर वर. स्कोअर वाढला की माझा उपाय लागू पडला, घसरला की तिचं लक्ष नव्हतं. असा सोयीचा हिशोब कोणत्या प्रशिक्षकाला आवडणार नाही?

मग एका सीनियर मुलाने तिची रायफल हातात घेऊन पाहिली आणि "बॅरल गेलंय हिचं," असं सांगून टाकलं. शब्द घरापर्यंत पोचला. पुढच्या रविवारी सायलीचे बाबा आले.

"मॅडम, नवीन रायफल अडीच-तीन लाखांची म्हणतात. पतपेढीतून कर्ज मिळेल, त्याचं काही नाही. पण दोष रायफलचाच आहे, हे तुम्ही नक्की सांगा. तुम्ही हो म्हणालात की उद्या अर्ज टाकतो."

मला हो म्हणता आलं नाही, नाहीही म्हणता आलं नाही. मी चौदा वर्षं हा खेळ शिकवते, पण तिचे शॉट कुठे जातात, कसे पसरतात, हे मी कधी मोजलंच नव्हतं. फक्त बेरजा पाहिल्या होत्या.

समोरचे पर्याय

नवीन रायफल हा एक झाला. दुसरा, पुण्याला बालेवाडीजवळ राहून तिथे सराव. पण पुढच्या वर्षी बारावी, आणि आईचा ठाम नकार. तिसरा, बॅरलला सेन्सर लावून रोखाची रेघ कॉम्प्युटरवर दाखवणारं यंत्र घेणं. उपयोगाची वस्तू आहे, पण एका मुलीसाठी रेंजने एवढा खर्च करावा का यावर आमच्यात एकमत नव्हतं. चौथा पर्याय मला तेव्हा पर्याय वाटलाच नव्हता. काहीही न बदलता महिनाभर नुसतं मोजायचं.

तो सुचवला बाबांनी. त्यांनी विचारलं, "ही मागच्या साइटची बटणं फिरवते, ती कधी फिरवते?"

"शॉट बाहेर गेला की. डावीकडे गेला तर उजवीकडे एक-दोन क्लिक." साइट म्हणजे नेम धरायचं साधन, आणि क्लिक म्हणजे तिच्या बटणाचा एक टप्पा.

ते हसले. "आमच्याकडे सीएनसीवर नवीन पोरगा लागला की हेच करतो. एक पार्ट मोजला, दोन सेंटी जास्त आला, फिरवला ऑफसेट. पुढचा कमी आला, फिरवला परत. मशीन बिचारं चांगलं असतं, हाच त्याला हलवत बसतो. मग रिजेक्शन वाढलं की म्हणतो, मशीन जुनं झालं."

सीएनसी म्हणजे कॉम्प्युटरवर चालणारं कापकामाचं मशीन, ऑफसेट म्हणजे त्यातली मापाची दुरुस्ती आणि कारखान्यात सेंटी म्हणजे एक शतांश मिलिमीटर, हे मला त्या दिवशी कळलं. आम्ही पाव मिलिमीटरवर घाम गाळतो, त्याची त्यांना गंमत वाटत असणार.

पुढच्या रविवारी ते सायलीच्या मागे खुर्ची टाकून बसले. एका मॅचमध्ये तिने चौदा वेळा क्लिक केलं. त्यातल्या नऊ वेळा फक्त एका शॉटवरून. पाच वेळा तर आधीची क्लिकच उलटी फिरवली होती. बाबांनी वही माझ्यापुढे धरली, बोलले काही नाहीत.

यामागचं गणित जुनं आहे. नेम जागेवर असेल आणि शॉट नुसते आपल्या स्वभावाने इकडेतिकडे पडत असतील, तर प्रत्येक शॉटनंतर त्याची पूर्ण चूक साइटवरून भरून काढत गेलं की पसारा कमी होत नाही, सुमारे १.४ पट होतो. सायली पूर्ण चूक भरत नव्हती, थोडीथोडीच भरत होती. तरी दिशा तीच.

मी चौथा पर्याय निवडला. खरं सांगायचं तर धैर्याने नव्हे. कर्जाची जबाबदारी महिनाभर पुढे ढकलता येत होती म्हणून.

काय केलं

पहिलं काम रायफलचं. ओळखीच्या वर्कशॉपमधून जड व्हाइस (वस्तू घट्ट आवळून धरणारी पकड) आणली, लाकडाच्या फळ्या आणि जुन्या ट्यूबचे तुकडे लावून रायफल आवळली आणि दहा-दहा शॉटचे पाच ग्रुप मारले. एका ग्रुपमधल्या सर्वांत लांबच्या दोन भोकांच्या मध्यांतलं अंतर सरासरी दोन मिलिमीटर आलं.

इथे थोडं थांबायला हवं, कारण रेंजवर सगळ्यात जास्त फसगत या आकड्याची होते. पाच शॉटचा एक सुंदर ग्रुप खिशात घालून हिंडणारी मुलं मी पाहिली आहेत. कडेच्या दोन भोकांमधलं अंतर मोजलं की बाकीचे शॉट मोजलेच जात नाहीत. शिवाय शॉट वाढवले की हे अंतर वाढणारच, त्यामुळे पाचाचा ग्रुप आणि दहाचा ग्रुप यांची तुलनाच होत नाही. सगळ्या शॉटच्या मध्यापासून प्रत्येक शॉट किती लांब पडला, त्याची सरासरी काढणं जास्त भरवशाचं. बाबांनी व्हाइसच्या पन्नास शॉटवरून रायफलचा स्वतःचा पसारा काढला. एका दिशेने प्रमाण विचलन, म्हणजे मध्यापासून शॉट साधारण किती हटतात त्याचं माप, अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास. सायलीच्या हातात तोच आकडा दीड मिलिमीटरच्या पुढे होता.

पसाऱ्यांची सरळ बेरीज होत नाही, त्यांच्या वर्गांची होते. त्या हिशोबाने तिच्या एकूण पसाऱ्याच्या वर्गात रायफलचा वाटा सुमारे नववा भाग. नवीन रायफलने व्हाइसमधला ग्रुप दोनवरून दीड मिलिमीटरवर आला असता, तर साठ शॉटमागे फायदा एका मार्काचा. बाबांनी तो आकडा दोनदा तपासला, कागद घडी करून खिशात ठेवला आणि म्हणाले, "तीन लाखांत एक मार्क." रायफलचा विषय तिथे संपला. दोन लॉटचे पेलेटही व्हाइसमधून मारून पाहिले. फरक इतका बारीक की पन्नास शॉटमध्ये दिसेना, म्हणून तोही सोडला.

दुसरं काम चार आठवड्यांचं. रायफल, जॅकेट, पेलेटचा लॉट, बटप्लेट, वेळ, काहीच बदलायचं नाही. क्लिक करायची मुभा, पण प्रत्येक क्लिक वहीत लिहायची. आठवड्याला तीन पूर्ण मॅच इलेक्ट्रॉनिक लेनवर. बारा मॅच, सातशे वीस शॉट. बाकी मुलांनी लेन अडवल्याबद्दल कुरकुर केली, तीही बरोबरच होती.

आकडे आले तेव्हा मी थोडी खजील झाले. बारा मॅचची सरासरी ६१०.२, आणि मॅच-मॅचमधला चढउतार ३.१ मार्कांचा. तिच्या एकेका शॉटच्या नैसर्गिक पसाऱ्यावरूनच, काहीही चांगलं-वाईट न घडता, साठ शॉटच्या बेरजेत ३.२ चा चढउतार अपेक्षित होता. म्हणजे पाच महिने आम्ही ज्या ६१३ आणि ६०७ ची कारणं शोधत होतो, त्यांना कारणच नव्हतं. नाश्ता, बटण, बटप्लेट, सगळी आम्ही योगायोगाला चिकटवलेली कारणं.

बेरीज सोडून शॉटच्या जागा पाहिल्या तेव्हा मात्र खरी गोष्ट दिसली. उभ्या दिशेने पसारा १.२ मिलिमीटर, आडव्या दिशेने १.८५. रायफल किंवा पेलेट खराब असतं तर दोन्हीकडे सारखं पसरलं असतं. मग शॉट क्रमाने मांडले. पहिल्या तीसांत आडवा पसारा १.४, शेवटच्या तीसांत २.२, आणि शेवटच्या भागात मध्यच डावीकडे सरकलेला. तिसाव्या शॉटनंतर सायली रायफल स्टँडवर ठेवते, पाणी पिते, मिनिटभर खुर्चीवर टेकते आणि परत उभी राहते. पाय आधी होते तिथेच ठेवले असं तिला वाटतं. ते तिथे नसतात.

स्टँडिंगमध्ये शरीराचा एक आपला रोख असतो. नेमबाज त्याला एनपीए (नॅचरल पॉइंट ऑफ एम) म्हणतात. डोळे मिटून, श्वास सोडून, सगळं सैल सोडलं की रायफल जिकडे बघेल तो तुमचा रोख. तो टार्गेटवर नसेल तर मागचा पाय सरकवायचा. हाताने रायफल ओढून आणायची नाही. हाताने आणली तर ट्रिगर सुटताना स्नायू सैल होतो आणि रायफल आपल्या मूळ जागी जायला बघते. सायली दुसऱ्या भागात रायफल उजवीकडे ओढून धरत होती, शॉट डावीकडे जात होता, मग ती क्लिक करून साइट सरकवत होती. शेवटी दंड दमला की ओढ बदलायची आणि तीच क्लिक नडायची.

पुढच्या सोमवारपासून दोन नियम लावले. एक, एका शॉटवरून क्लिक नाही. दहा शॉटचा मध्य नऊ दशांश मिलिमीटरपेक्षा जास्त सरकला तरच क्लिक, कारण त्याहून कमी सरकणं दहा शॉटमध्ये योगायोगानेही होतं. दोन, प्रत्येक दहा शॉटच्या सुरुवातीला डोळे मिटून एनपीए तपासायचा. सरावाच्या मॅटवर बुटांच्या कडा टेपने आखल्या, म्हणजे पाय किती हलतो ते तिला दिसावं. स्पर्धेत अशा खुणांच्या भरवशावर राहता येत नाही, म्हणून महिन्याभराने टेप काढून टाकला.

आणखी एक सवय. मॉनिटरवर कालनिर्णयचा पुठ्ठा टांगला. शॉट सुटला की आधी तोंडाने सांगायचं, "साडेनऊ वाजता, नऊ पॉइंट आठ," आणि मग पुठ्ठा उचलायचा. यालाच कॉल म्हणतात. कॉल आणि शॉट जुळले तर चूक नेमबाजाची आणि ती त्याला ठाऊक आहे. कॉल मधोमध आणि शॉट सतत एकाच बाजूला, तर साइट बघायची. सुरुवातीला दहातले चार कॉल जुळत. तिला राग यायचा. "मॅडम, मला सांगता येत नाही म्हणजे मी नेम धरतच नव्हते का एवढी वर्षं?" मी म्हटलं, "अगं, धरत होतीस. सुटताना बघत नव्हतीस."

जानेवारीतला एक आठवडा

नियम लावून महिना झाला आणि थंडीची लाट आली. निफाडचा पारा रोज पेपरात. आमच्या पत्र्याच्या शेडमध्ये सकाळी सात वाजता बोटांना ट्रिगर लागेना. त्या आठवड्यात सायलीने ६०५.९ मारले, मग ६०७.३. तिचा धीर सुटला, माझाही सुटत आला. मी बाबांना फोन करून म्हटलं, नियम थोडे सैल करूया, तिला हवं तेव्हा क्लिक करू द्या.

ते म्हणाले, "तुमचे आडवे आकडे काय म्हणतात?"

आडवे आकडे ठीक होते. उभे बिघडले होते, थंडीत थरथरल्यासारखे. म्हणजे आम्ही ज्यावर काम करत होतो ते जागेवर होतं, बिघडलं होतं दुसरंच काहीतरी. आम्ही नियम तसेच ठेवले आणि सरावाची वेळ सकाळी सातवरून दुपारी चारवर नेली. या सगळ्यात नेमका निर्णय घेतला असेल तर तो हा. नुसती बेरीज बघितली असती तर मी त्या आठवड्यात सगळं मोडून टाकलं असतं.

निकाल

लाट ओसरल्यावर पुन्हा बारा मॅच. सरासरी ६१६.१, आधीपेक्षा ५.९ ने जास्त. बारा-बारा मॅचच्या सरासऱ्यांमध्ये योगायोगाने सव्वा मार्काच्या आसपास फरक पडू शकतो, त्यामुळे हा फरक खरा मानायला हरकत नाही. आडवा पसारा १.८५ वरून १.५ वर आला. उभा होता तिथेच, १.२. क्लिक एका मॅचमध्ये दोन किंवा तीन. दहातले सात कॉल जुळू लागले.

६१८ सरासरीत आलं नाही. वरळीच्या रेंजवर झालेल्या स्पर्धेत तिने ६१३.० मारले. बसमधून परत येताना ती इगतपुरीपर्यंत बोलली नाही. बाबा म्हणाले, "एका मॅचवरून काही ठरवू नका." माझं मत थोडं वेगळं आहे. एका मॅचचा तीन मार्कांचा फरक योगायोगही असेल, पण स्पर्धेत दंडावरची नाडी वेगळी चालते आणि आम्ही सगळं मोजमाप घरच्या शांततेत केलं होतं. स्पर्धेतला पसारा आमच्याकडे नाहीच.

कर्ज काढलं नाही. सायलीची उंची वाढली होती, जॅकेट दंडात घट्ट होत होतं, म्हणून नवीन जॅकेट शिवून घेतलं. त्याने किती फरक पडला ते सांगता येणार नाही. मोजलं नाही.

पुन्हा केलं तर

दोन नियम एकाच सोमवारी लावले ही माझी घाई. क्लिक थांबवल्याने किती फायदा झाला आणि पाय तपासल्याने किती, हे आता कधीच कळणार नाही. दुसऱ्या मुलाला यातलं काय सांगू? दोन्ही सांगते, दुसरं काय करणार. तीन-तीन आठवड्यांच्या अंतराने एकेक बदल केला असता तर स्पर्धेआधी तेवढाच वेळ होता, जमलं असतं.

व्हाइसची चाचणी दोन वर्षांपूर्वी, ती रायफल विकत घेतली त्याच दिवशी करायला हवी होती. पन्नास पेलेट आणि एक तास, एवढंच लागलं असतं. त्या सीनियर मुलाला मग बॅरलबद्दल बोलायची सोय राहिली नसती.

आणि बटप्लेट. क्लिकचा दोष सायलीवर टाकायला सगळे तयार असतात, पण मी त्या पाच महिन्यांत बटप्लेट किती वेळा हलवली याची नोंद कुणाकडे नाही. तिच्या क्लिक निदान मोजल्या तरी गेल्या.

स्पर्धेसारखा सराव मोजायला हवा होता. शेजारच्या लेनवर अनोळखी मुलं उभी करून, मागे पालक बसवून, घड्याळ लावून. पुढच्या वर्षी ते करणार आहोत, सहाव्या लेनवरून भांडणं होणार हे धरून.

सध्या बारावीचं वर्ष म्हणून सायली आठवड्याला दोनदाच येते. उभा पसारा अजून १.२ आहे. माझा संशय गालाच्या दाबावर आहे, बाबांचा श्वासावर. सहामाही संपली की आधी गाल.